ई-बाइक अपघाताचा चार्ट पुन्हा पुन्हा परत येतोय? कोड बदलण्याआधी या क्रमाने तपासा

अमेरिकन हॉस्पिटल्सचं कोडिंग, म्हणजे पेशंटच्या चार्टमधल्या (उपचाराच्या नोंदीतल्या) आजारांना आणि इजांना विम्याच्या बिलासाठी ठरलेले कोड लावण्याचं काम, करणाऱ्या आपल्या ऐरोली, हिंजवडी, मगरपट्ट्यातल्या टीममध्ये ज्यांच्याकडे इमर्जन्सी किंवा ऑर्थोचे चार्ट येतात, त्यांच्यासाठी हे लिहितेय. मी ऑडिट बघते, आणि ई-बाइकवरून पडलेल्या पेशंटचे चार्ट जितक्या वेळा दुरुस्त करून परत पाठवलेत तितके दुसऱ्या कुठल्याच अपघाताचे नसतील, आणि गंमत म्हणून नाही तर खरंच सांगते, दुरुस्ती बहुतेक वेळा त्याच चार-पाच जागी असते. म्हणून एकदाचं सगळं एका जागी लिहून ठेवते. कोड देवनागरीत लिहिलेत, एन्कोडरमध्ये (कोड शोधायच्या सॉफ्टवेअरमध्ये) टाकताना अर्थातच रोमन अक्षरं आणि आकडे.

आधी लक्षणं बघा, यातलं काही दिसत असेल तर पुढचं तुमच्या कामाचं आहे:

- क्लेम (विमा कंपनीला जाणारं बिल) स्क्रबरमध्येच, म्हणजे बिल जाण्याआधी चुका पकडणाऱ्या सॉफ्टवेअरमध्येच अडकतो, "इनव्हॅलिड डायग्नोसिस कोड" असा एडिट (चूक दाखवणारा संदेश) येतो, आणि उघडून बघितलं तर एक्सटर्नल कॉज (इजा कशामुळे झाली ते सांगणारा कोड) म्हणून व्ही२८.४एक्सएक्सए टाकलेला असतो.
- ऑडिटला शेरा येतो की वाहन चुकलं: चार्टमध्ये ई-बाइक आणि कोड व्ही१८ मधला म्हणजे साध्या सायकलचा, किंवा उलटं.
- फ्रॅक्चरला सेवन्थ कॅरेक्टर (उपचाराचा टप्पा सांगणारं, कोडच्या शेवटचं सातवं अक्षर) बी किंवा जी लावलंय आणि कोडरने तेच अक्षर व्ही कोडलाही लावलंय.
- वाय९२ (अपघाताच्या जागेचा कोड) च्या मागे ए लावलाय.
- एकाच पेशंटच्या इमर्जन्सी व्हिजिटला "इलेक्ट्रिक बायसिकल" आणि दहा दिवसांनी ऑर्थोच्या व्हिजिटला "मोटरसायकल".
- कोड सगळे व्हॅलिड आहेत तरी पेयर (विमा कंपनी) पैसे देत नाही, पेशंटला अपघाताची प्रश्नावली पाठवतो आणि क्लेम पेंडिंग राहतो.
- महिन्याच्या रिपोर्टमध्ये व्ही२९.९१एक्सए चा ढीग, म्हणजे ई-बाइक आहे एवढंच कळतंय, कशाला धडकली, कसा पडला काहीच नाही.

आता तपासणी. सगळ्यात स्वस्त गोष्ट आधी, ज्याला चार्ट नीट उघडायचीही गरज नाही.

तारीख आणि कोडची लांबी

पहिल्यांदा डीओएस (सेवेची तारीख) बघा आणि एन्कोडर कुठल्या वर्षावर सेट आहे ते बघा. आयसीडी-१०-सीएम (अमेरिकेतली निदानाच्या कोडची यादी) मध्ये १ ऑक्टोबर २०२२ पासून व्ही२० ते व्ही२९ हा मोटरसायकलचा पूर्ण गट फोडला गेला, प्रत्येक जुन्या कोडचे दोन झाले: एक इलेक्ट्रिक असिस्टेड बायसिकलसाठी आणि एक इतर मोटरसायकलसाठी. त्यामुळे जुना व्ही२८.४एक्सएक्सए त्या तारखेनंतर चालतच नाही, त्याजागी ई-बाइक असेल तर व्ही२८.४१एक्सए आणि इतर मोटरसायकल असेल तर व्ही२८.४९एक्सए. व्ही२० ते व्ही२८ मध्ये पॅटर्न सरळ आहे, पाचव्या जागी १ म्हणजे ई-बाइक, ९ म्हणजे इतर. व्ही२९ मध्ये मात्र काही कोडमध्ये हा फरक सहाव्या जागी येतो आणि तिथे ९ ऐवजी ८ असतो, उदाहरणार्थ व्ही२९.४०१ए आणि व्ही२९.४०८ए, म्हणून पॅटर्न पाठ करून व्ही२९ मध्ये टाइप करू नका, लिस्टमधून निवडा.

हे पहिलं का, तर यात वेळ अगदीच कमी जातो आणि "इनव्हॅलिड" वाले बहुतेक इथेच सुटतात. जुन्या चीट-शीट अजून डेस्कटॉपवर पडलेल्या असतात, ट्रेनिंगला मिळालेली एक्सेल शीट वर्षानुवर्षं फिरत राहते, आणि नवीन मुलं त्यातूनच कॉपी करतात. ती शीट डिलीट करा. आणि एक लक्षात ठेवा, कोड सेट ठरतो तो सेवेच्या तारखेवरून, इनपेशंट असेल तर डिस्चार्जच्या तारखेवरून, अपघात कधी झाला त्यावरून नाही. म्हणजे अपघात सप्टेंबर २०२२ चा पण व्हिजिट नोव्हेंबर २०२२ ची असेल तर नवा कोड. जुने क्लेम पुन्हा सबमिट करायला येतात तेव्हा हा प्रश्न अजूनही पडतो.

क्रम

एक्सटर्नल कॉज कोड कधीच पहिला नसतो. पहिली जागा इजाची, आणि इजांमध्येही प्रोव्हायडरच्या (उपचार करणाऱ्या डॉक्टरच्या) मते जी सगळ्यात गंभीर ती आधी. प्रोफेशनल (डॉक्टरच्या) क्लेमवर बारा डायग्नोसिस मावतात आणि व्ही कोड त्याच यादीत मागे जातो, हॉस्पिटलच्या यूबी-०४ या क्लेम फॉर्मवर त्याला वेगळी जागा आहे, फील्ड ७२. अपघाताच्या क्लेमवर व्ही कोड वर सरकून आला की रिजेक्शन ठरलेलं, आणि हे बऱ्याचदा कोडरने केलेलं नसतं, चार्ज एंट्रीत (बिलाच्या ओळी भरताना) कुठली लाइन कुठल्या निदानासाठी ते दाखवणारा पॉइंटर लावताना होतं. म्हणून कोडिंग स्क्रीन नाही तर शेवटचा क्लेम फॉर्म बघा.

वाहन नक्की कुठलं? इथे थांबून वाचा

सगळ्यात जास्त चुका इथे आहेत, आणि त्या आळसामुळे होत नाहीत. आपण मराठी माणूस "बाइक" म्हणतो तेव्हा डोळ्यासमोर पल्सर येते, आणि "इलेक्ट्रिक स्कूटर" म्हटलं की चेतक नाहीतर एथर, सीट असलेली, नंबर प्लेट असलेली. अमेरिकन चार्टमध्ये "बाइक" बहुतेक वेळा साधी पायडलची सायकल असते, आणि "इलेक्ट्रिक स्कूटर" म्हणजे बहुतेक वेळा ती उभं राहून चालवायची, फुटपाथवर भाड्याने मिळते तशी. रात्री तीन वाजता टार्गेट पुरं करताना हा फरक डोक्यातून निसटतो.

म्हणून कोडकडे न जाता आधी स्वतःला विचारा की पेशंट कशावर होता:

फक्त पायडलवर चालणारी सायकल, मोटर नाही: व्ही१० ते व्ही१९. व्याख्येतच आहे की पेडल सायकल म्हणजे केवळ पायडलने चालणारी. मोटर आली की ती या गटातून बाहेर, मग ती मोटर कितीही छोटी असो.

पायडल आहेत आणि इलेक्ट्रिक मोटरची मदत आहे: व्ही२० ते व्ही२९ मधले ई-बाइकचे कोड. अमेरिकेत ई-बाइकचे तीन क्लास मानतात, क्लास १ म्हणजे पायडल मारलं तरच मोटर चालते आणि ताशी २० मैलांपर्यंत, क्लास २ ला थ्रॉटल असतो पण मर्यादा तीच २०, क्लास ३ परत पायडल-असिस्ट पण २८ मैलांपर्यंत. कोडिंगसाठी क्लासने काही फरक पडत नाही, तिन्ही एकाच ठिकाणी जातात. हा प्रश्न दर नव्या बॅचमध्ये विचारला जातो म्हणून लिहिलं.

उभं राहून चालवायची इलेक्ट्रिक स्कूटर: ही मोटरसायकलच्या गटात नाहीच. ही व्ही०० मध्ये, पादचारी वाहनांच्या गटात, १ ऑक्टोबर २०२० पासून स्वतंत्र कोड आहेत. पडला तर व्ही००.८४१, एखाद्या स्थिर वस्तूला धडकला तर व्ही००.८४२, सेगवे किंवा हॉवरबोर्ड असेल तर व्ही००.८४८.

वयस्कर किंवा अपंग माणसाची बसून चालवायची मोबिलिटी स्कूटर: व्ही००.८३ खाली, पडल्यास व्ही००.८३१. चार्टमध्ये नुसतं "मोटराइज्ड स्कूटर" लिहिलं असेल आणि पेशंट ऐंशीचा असेल, सुपरमार्केटमध्ये पडला असेल, तर हे आठवा.

सीटवाली, आपल्या ओळखीची इलेक्ट्रिक स्कूटर किंवा मोपेड: इतर मोटरसायकल, म्हणजे पाचव्या जागी ९ वाले कोड. ती इलेक्ट्रिक आहे म्हणून ई-बाइकच्या कोडमध्ये टाकायची नाही.

आणि एक नवीन डोकेदुखी, पायडल नसलेल्या इलेक्ट्रिक डर्ट बाइक, ज्यांना पोरं आणि त्यांचे आईवडील सर्रास "ई-बाइक" म्हणतात आणि प्रोव्हायडर तेच शब्द उतरवतो. प्रोव्हायडरने स्वतः "डर्ट बाइक" लिहिलं असेल तर व्ही८६ चा गट बघा, रस्त्याबाहेर झालेल्या अपघातात चालकासाठी व्ही८६.५६एक्सए. पण नोटमध्ये एकदा "ई-बाइक" आणि एकदा "डर्ट बाइक" असं दोन्ही असेल तर तुम्ही ठरवू नका, क्वेरी (प्रोव्हायडरला लेखी प्रश्न) टाका. मॉडेलचं नाव गूगल करून "अरे याला पायडल नाहीत" असं शोधून काढणं हा कोडिंगचा पुरावा नाही. उत्सुकता चांगली आहे पण कोड नोटवरूनच जातो.

या एका तपासणीवर मी एवढं का अडते, तर अमेरिकेत एक्सटर्नल कॉज कोड देशभर सक्तीचे नाहीत, काही राज्यं आणि काही पेयर मागतात, त्यामुळे बरेच जण "असला तर असला" अशा भावनेने टाकतात. पण ऑक्टोबर २०२२ च्या आधी ई-बाइकला वेगळा कोडच नव्हता, त्यांची गणना वेगळी करताच येत नव्हती. आता येते. शहराने बाइक लेन कुठे द्यायची, हेल्मेटचा नियम कोणासाठी करायचा हे ठरवताना जे आकडे बघितले जातात त्यात आपण रात्री बसून टाकलेला एक अंक असतो. १ च्या जागी ९ पडला तर तो पेशंट त्या मोजणीतून गायब होतो. मला ही गोष्ट मनापासून महत्त्वाची वाटते आणि प्रत्येक बॅचला मी ती सांगते.

कोण, कुठे, कशाला धडकला

वाहन ठरलं की तीन प्रश्न राहतात आणि उत्तरं बहुतेक वेळा एचपीआयच्या (नोटमधल्या पेशंटच्या हकिकतीच्या) पहिल्या दोन ओळीत असतात.

कशाला धडकला हे तिसऱ्या कॅरेक्टरमध्ये येतं. पादचारी किंवा प्राणी व्ही२०, दुसरी सायकल व्ही२१, दुचाकी-तीनचाकी मोटर वाहन व्ही२२, कार-पिकअप-व्हॅन व्ही२३, ट्रक किंवा बस व्ही२४, ट्रेन व्ही२५, खांब-भिंत अशी स्थिर वस्तू व्ही२७, आणि धडक नाहीच, नुसता घसरून किंवा खड्ड्यात तोल जाऊन पडला तर व्ही२८. "कारला चुकवताना पडला" असं लिहिलं असेल तर पुढची ओळ वाचा. कारचा स्पर्श झालाच नसेल तर व्ही२३ नाही. हा फरक फक्त आकडेवारीचा नाही, पुढे विम्याचा पैसा कोण देणार याच्याशी त्याचा संबंध येतो, त्यावर खाली येते.

चौथं कॅरेक्टर चालक की मागे बसलेला आणि ट्रॅफिक की नॉन-ट्रॅफिक हे सांगतं. चालक रस्त्याबाहेर ०, मागचा रस्त्याबाहेर १, चढता-उतरताना ३, चालक रस्त्यावर ४, मागचा रस्त्यावर ५, कोण होता ते माहीत नाही पण रस्त्यावर ९. इथे लोक फार अडतात की "नोटमध्ये रस्ता लिहिलाच नाही, मग नॉन-ट्रॅफिक टाकू का?" नाही. नियमच आहे की दुसरी जागा सांगितली नसेल तर वाहन अपघात सार्वजनिक रस्त्यावर झाला असं धरायचं, अपवाद फक्त ऑफ-रोड वाहनांचा. म्हणजे "ई-बाइक चालवताना पडला, उजवं मनगट दुखतंय" एवढीच ओळ असली तरी व्ही२८.४१एक्सए टाकायला पुरेशी आहे. स्वतःच्या अंगणात, ड्राइव्हवेमध्ये असं लिहिलं असेल तर मग व्ही२८.०१एक्सए.

म्हणूनच व्ही२९.९१एक्सए चा ढीग मला खटकतो. "अनस्पेसिफाइड" हा कोड नोटमध्ये खरंच काही नसेल तेव्हाचा आहे, आणि इमर्जन्सीच्या नोटमध्ये क्वचितच काही नसतं. पेशंट पडला एवढं लिहिलंय ना, मग ते अनस्पेसिफाइड नाही.

एक गोष्ट पूर्ण उलटी व्हायची शक्यता असते: जखमी माणूस ई-बाइकवर नव्हताच, चालत होता आणि ई-बाइकने त्याला उडवलं. व्ही कोडचा गट नेहमी जखमी माणूस कशावर होता त्यावरून ठरतो, कशाने मारलं त्यावरून नाही. असा पेशंट पादचाऱ्यांच्या गटात जातो, व्ही२० ते व्ही२९ मध्ये नाही. चार्टमध्ये "ई-बाइक ॲक्सिडेंट" असं ठळक लिहिलेलं असतं आणि कोडर तिथेच थांबतो, पुढचं वाक्य वाचत नाही.

आणि बॅटरी चार्ज करताना घरात आग लागून भाजलेला पेशंट आला तर तो ट्रान्सपोर्ट ॲक्सिडेंटच नाही. वाहन चालतं असलं पाहिजे किंवा प्रवासासाठी वापरात असलं पाहिजे, भिंतीला टेकवून चार्जिंगला लावलेल्या सायकलला व्ही कोड लागत नाही. असा चार्ट सरळ लीडकडे न्या, त्यात आगीचे कोड, जागेचे कोड, भाजल्याची टक्केवारी असं बरंच काही येतं.

सेवन्थ कॅरेक्टर

हे समजायला अवघड नाही पण सवय चुकीची लागलेली असते. ए म्हणजे "पहिली भेट" असा अर्थ कोणीतरी ट्रेनिंगमध्ये सांगितलेला असतो आणि तो डोक्यात बसतो. ए म्हणजे ॲक्टिव्ह ट्रीटमेंट चालू आहे. इमर्जन्सीमध्ये स्प्लिंट लावून पाठवलं, चार दिवसांनी दुसऱ्या सर्जनने प्लेट टाकली, ती सर्जरी पण ए. पेशंटला सर्जन नवीन आहे की जुना याचा संबंध नाही. मग प्लास्टर बदलणं, एक्स-रे काढून हाड जुळतंय का बघणं, ही नेहमीची बरं होण्याची पायरी, तिथे डी. बऱ्याच महिन्यांनी त्याच फ्रॅक्चरमुळे मनगट आखडलंय म्हणून आला तर एस, आणि तेव्हा आधी आखडल्याचा कोड, मग जुन्या इजेचा एस लावून.

फ्रॅक्चरला अक्षरं जास्त आहेत: उघडं असेल तर बी, उशिरा जुळत असेल तर जी, जुळलंच नाही तर के, आणि कोपर ते मनगट या भागाच्या हाडांना उघड्या फ्रॅक्चरच्या प्रकाराप्रमाणे आणखी. व्ही कोडला मात्र फक्त ए, डी आणि एस. गाइडलाइन सांगते की व्ही कोडचं अक्षर त्या भेटीच्या इजेच्या अक्षराशी जुळलं पाहिजे, आणि जुळणं म्हणजे अर्थाने जुळणं: फ्रॅक्चर बी तर व्ही ए, फ्रॅक्चर जी तर व्ही डी. बी लावलेला व्ही कोड अस्तित्वातच नाही.

फॉलोअपला अजून एक चूक बघते, फ्रॅक्चरचा कोड काढून टाकून आफ्टरकेअरचा झेड कोड टाकलेला. इजांना आफ्टरकेअरचे (नंतरच्या देखभालीचे) झेड कोड लावायचे नसतात, तोच एस५२.५०१ ठेवायचा आणि अक्षर डी करायचं.

इजांचे कोड

इथे थोडक्यात, कारण हे बहुतेकांना येतं. त्याच जागेवर मोठी इजा असेल तर वरवरचं खरचटणं वेगळं कोड करायचं नाही, पण दुसऱ्या जागेचं करायचं. मनगट मोडलं आणि गुडघा खरचटला तर एस५२.५०१ए आणि एस८०.२११ए दोन्ही. फ्रॅक्चर उघडं की बंद लिहिलं नसेल तर बंद, सरकलंय की नाही लिहिलं नसेल तर सरकलेलं धरायचं.

डोक्याच्या इजेत जरा थांबा. शुद्ध हरपली नाही असं लिहिलंय तर एस०६.०एक्स०ए, तीस मिनिटं किंवा कमी तर एस०६.०एक्स१ए, हरपली पण किती वेळ ते माहीत नाही तर एस०६.०एक्स९ए, आणि हरपली की नाही हेच माहीत नाही तर एस०६.०एक्सएए, हा शेवटचा पण ऑक्टोबर २०२२ मध्येच आला. एकटा पडलेल्या रायडरला कोणी बघितलेलं नसतं, तो म्हणतो "मला आठवत नाही", आणि कोडर ते शुद्ध हरपल्याचं धरतो. आठवत नाही हे शुद्ध हरपणं नाही. ते प्रोव्हायडरने म्हटलं पाहिजे.

वाय कोड

जागा वाय९२, काय करत होता वाय९३, कोणत्या नात्याने करत होता वाय९९. हे फक्त एकदा, उपचाराच्या पहिल्या भेटीला. फॉलोअपला काढून टाका. यांना सेवन्थ कॅरेक्टर नसतं. बाइक पाथ वाय९२.४८२, फुटपाथ वाय९२.४८०, पार्किंग लॉट वाय९२.४८१, गल्लीतला किंवा बाजारपेठेतला रस्ता वाय९२.४१४. माहिती नसेल तर "अनस्पेसिफाइड" वाला वाय९२.९ टाकायचाच नाही, कोडच टाकायचा नाही. वाय९३ बद्दल क्लायंटची गाइडलाइन बघा.

वाय९९ मात्र नीट बघा. न्यूयॉर्कसारख्या शहरात ई-बाइकवरचे कितीतरी जण जेवण पोचवणारे असतात. नोटमध्ये "डिलिव्हरी करताना" असेल तर वाय९९.०, म्हणजे पैशासाठी केलेलं काम, मग तो कंपनीचा नोकर असो किंवा ॲपवर स्वतंत्र काम करणारा.

कोड बरोबर तरी पैसे नाहीत

आता महागडी तपासणी, कारण इथे दोन टीम बसाव्या लागतात. पेयरने इजेचे कोड बघितले की त्याला पहिला प्रश्न पडतो, हा खर्च दुसऱ्या कोणाचा तर नाही? कारच्या विम्याचा, मालकाच्या कामगार विम्याचा? उत्तर क्लेमवर नसेल तर तो पेशंटला प्रश्नावली पाठवतो आणि पेशंट ती भरत नाही, क्लेम पडून राहतो.

सीएमएस-१५०० (डॉक्टरच्या क्लेमचा फॉर्म) वर चौकट १० बघा: नोकरीशी संबंध, ऑटो ॲक्सिडेंट, इतर अपघात, तिन्हींना हो किंवा नाही लागतं. ऑटोला हो असेल तर राज्य लिहावं लागतं. चौकट १४ मध्ये अपघाताची तारीख. हॉस्पिटलच्या क्लेमवर हेच ऑकरन्स कोडने (घटनेचा प्रकार सांगणाऱ्या कोडने) जातं, नो-फॉल्ट ऑटो (चूक कोणाची ते न बघता पैसे देणारा गाडीचा विमा) असेल तर ०२, कामाशी संबंधित असेल तर ०४, आणि दुसरा कोणताही विमा लागू नसेल तर ०५. आता तुमचा व्ही कोड याच्याशी मिळवून बघा. व्ही२३.४१एक्सए म्हणजे कारने धडक दिली, आणि चौकटीत ऑटोला "नाही", तर क्लेम स्वतःलाच खोटं पाडतोय. तसंच व्ही२८ म्हणजे एकटा पडला आणि ऑटोला "हो", किंवा वाय९९.० आणि नोकरीला "नाही". माझ्या अनुभवात "कोड बरोबर आहेत तरी पेंडिंग" वाल्यांमध्ये हा विरोधाभास सगळ्यात आधी शोधावा.

आणि दोन्हीत फरक दिसला म्हणून चौकट बदलून टाकू नका, कोडही बदलू नका. आधी नोट वाचून खरं काय ते बघा. रजिस्ट्रेशनला पेशंटने एक सांगितलेलं असतं आणि डॉक्टरला दुसरं. कारने धडक दिली असेल तर न्यूयॉर्कसारख्या नो-फॉल्ट राज्यात पहिला पैसा कोणी द्यायचा हे कायद्याने ठरतं, ते बिलिंगच्या माणसाचं काम आहे. कोडरने "हेल्थ इन्शुरन्सने पास व्हावा" म्हणून व्ही२३ चा व्ही२८ करणं ही चूक नाही, फसवणूक आहे, आणि कोणी वरून सांगितलं तरी करू नका, कम्प्लायन्सला (नियम पाळले जातात का ते बघणाऱ्या विभागाला) कळवा.

इथे हात थांबवा

नोटमध्ये नुसतं "बाइक ॲक्सिडेंट" आहे, कुठेच मोटरचा उल्लेख नाही: ई-बाइक धरू नका. नर्सच्या किंवा ॲम्ब्युलन्सच्या नोटमध्ये "इलेक्ट्रिक" लिहिलंय आणि डॉक्टरच्या नोटमध्ये नाही: क्लायंटची गाइडलाइन ती नोट वापरू देते का ते बघा, स्पष्ट नसेल तर लीडला विचारा. दोन प्रोव्हायडर दोन वेगळी वाहनं सांगतायत: क्वेरी. तीन चाकांची इलेक्ट्रिक कार्गो सायकल: मोटरसायकलच्या गटातून तीनचाकी मोटर वाहनं वगळलेली आहेत, त्यामुळे स्वतः ठरवू नका, सीनिअर सर्टिफाइड कोडरकडे द्या. कोणी मुद्दाम ढकललं, मारलं, किंवा पेशंटने स्वतःला इजा केली असा कुठेही इशारा असेल: चार्ट होल्डवर टाका आणि लगेच वर न्या. हेतू माहीत नसेल तर अपघात धरायचा हा नियम आहे, पण इशारा असताना तो नियम लावायचा नाही.

क्वेरी टाकताना उत्तर सुचवायचं नाही. "ही ई-बाइक होती ना?" असं विचारलेली क्वेरी ऑडिटमध्ये टिकत नाही. "पेशंट अपघाताच्या वेळी कोणत्या वाहनावर होता ते कृपया स्पष्ट करा" आणि खाली पर्याय, पायडल सायकल, इलेक्ट्रिक असिस्टेड सायकल, उभ्याने चालवायची इलेक्ट्रिक स्कूटर, मोटरसायकल किंवा मोपेड, इतर, ठरवता येत नाही. शेवटचे दोन पर्याय विसरू नका.

क्वेरीला उत्तर आलं नाही आणि होल्डची मुदत संपत आली तर नोटमध्ये जेवढं आहे तेवढ्यावरच कोड द्या, क्वेरीचा नंबर कमेंटमध्ये लिहा, आणि उत्तर नंतर आलं तर करेक्टेड क्लेम पाठवायचा की नाही ते बिलिंगला विचारा. तीच नोट, तोच प्रोव्हायडर, तीच संदिग्धता दर आठवड्याला येत असेल तर एकेका चार्टवर क्वेरी टाकत बसू नका, लीडकडून क्लायंटला एकच मेल जाऊ द्या की ट्रायजच्या (इमर्जन्सीतल्या पहिल्या तपासणीच्या) टेम्प्लेटमध्ये वाहनासाठी एक ड्रॉपडाउन टाका.